झिजायचे कोणी?

दिवाळीच्या सुट्टीत अवसरी खुर्दला मामेभावाकडे गेले होते. आंबेगाव तालुक्यातले हे गाव मंचरपासून जवळ आहे. भावाला आम्ही सगळे अण्णा म्हणतो. तो माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवतो. त्याची गाडी जुनी आहे, पंधरा वर्षे तरी झाली असतील. पण चारही चाकांना डिस्क ब्रेक असलेली. मी पोचले तेव्हा तो अंगणात मागच्या उजव्या चाकाजवळ उकिडवा बसला होता.

"डॉक्टरीणबाई, हात लावू नकोस, नुसता जवळ धर," तो म्हणाला.

हात जवळ नेला तर चाकाची धग लागत होती. डावे चाक मात्र जेमतेम कोमट. मंचरहून येताना त्याने ब्रेक फारसा दाबलाच नव्हता. म्हणजे उजव्या चाकाचा ब्रेक पाय काढल्यावरही सुटत नव्हता. पॅड डिस्कला चिकटून राहिले होते आणि ती बिचारी सारी वाट घासत आली होती.

"लायनर बदलून टाकतो झालं. डिस्क लेथवर फेसिंग करून घेतो. आणखी दोन वर्षे जाईल," अण्णाचा विचार होता. शाळेतले चार सहकारी रोज त्याच्या गाडीने येतात-जातात. कधी पुण्याला मीटिंग असली की त्याच गाडीने अवसरी घाट आणि पुढे खेडचा घाट उतरायचा-चढायचा. खर्च वाचवावा की नाही, हा प्रश्न त्यामुळे फक्त अण्णाच्या खिशाचा नव्हता.

त्या दिवशी चाक खोलले आणि आमची चर्चा भलतीकडेच गेली. ब्रेकमध्ये झिजायचे कोणी, हे कोण ठरवते? चाकाने झिजायचे, की चाकाला धरणाऱ्याने? विचार करू लागल्यावर लक्षात आले, की ब्रेकचा सगळा इतिहास या एका प्रश्नाभोवती फिरतो. शिवाय दुकानात मागच्या ब्रेकचे सुटे भाग निवडताना जे प्रश्न पडतात, त्यांची उत्तरेही त्याच इतिहासात आहेत.

घाट आणि गाडी

गाडी थांबवणे म्हणजे नेमके काय करणे? आपण वर्गात शिकवतो की ऊर्जा नष्ट होत नाही. १२०० किलोची गाडी ताशी ७२ किलोमीटर, म्हणजे सेकंदाला २० मीटर वेगाने जात असेल, तर तिची गतिज ऊर्जा २,४०,००० जूल होते. गाडी थांबली की ही ऊर्जा कुठेतरी जायलाच हवी. ब्रेक तिची उष्णता करतो.

घाटात हा हिशेब आणखी मोठा होतो. तीच गाडी १०० मीटर उंची उतरून खाली आली आणि वेग वाढू द्यायचा नसेल, तर सुमारे १२ लाख जूल ऊर्जा काढून टाकावी लागते. एवढ्या उष्णतेने खोलीच्या तापमानाचे पावणेचार लिटर पाणी उकळीपर्यंत तापेल. यातला काही भाग इंजिन आणि हवेचा विरोध घेतात. बाकीचा चार चाकांजवळच्या मूठभर धातूला सोसावा लागतो.

आपल्या पूर्वजांनी या प्रश्नाला बराच काळ बगल दिली. जुन्नरजवळच्या नाणेघाटातून दोन हजार वर्षांपूर्वी व्यापार चाले, पण तो पायवाटेने, ओझ्याच्या जनावरांच्या पाठीवरून. जिथे चाक नाही तिथे ब्रेक कशाला? सह्याद्रीत चाकाला वाट मिळाली ती फार पुढे. बोरघाटातला गाडीरस्ता १८३० मध्ये खुला झाला. उतारावर चाकाच्या लोखंडी धावेवर लाकडी ठोकळा दाबून धरणे आणि थांबल्यावर चाकाला दगड लावणे, हे गाडीवानाचे उपाय होते. यात झिजायचे ते लाकडाने. चाकाची धाव महाग, लाकडाचा तुकडा स्वस्त. ब्रेकच्या शास्त्रातला हा पहिला नियम गाडीवानांनी पुस्तक न वाचता पाळला.

ऊर्जेची उष्णता न करता तिला उंचीवर ठेवून देण्याचा दुसरा मार्गही आहे. बोरघाटातून १८६३ मध्ये रेल्वे धावू लागली, तेव्हा तिथला चढ ३७ फुटांना एक फूट इतका तीव्र होता. उतारावर गाडी हाताबाहेर गेली तर काय करायचे, याचा विचार करून वर चढत जाणारे आडफाटे बांधले गेले. सुटलेली गाडी त्या फाट्यावर वळवली की ती चढ चढता चढता दमून थांबावी, अशी योजना. आमच्या आंबेगाव-जुन्नर-खेड भागातल्या बैलगाडा शर्यतीचा घाट आठवून पाहा. शर्यतीच्या गाड्याला ब्रेक नसतो आणि धावपट्टी चढती असते. ताशी ७२ किलोमीटरने जाणारी वस्तू कोणतेही घर्षण नसेल तर साधारण २० मीटर उंची चढून थांबेल, एवढे गणित नववीच्या मुलालाही करता येते.

पण रस्त्यावर दर वळणाला चढता फाटा बांधता येत नाही. तिथे घासण्याला पर्याय नाही. मग घासायचे कशाने?

जुन्या बुटांपासून सुरुवात

इंग्लंडमध्ये डर्बीशायर परगण्यात हर्बर्ट फ्रूड नावाचा एक गृहस्थ होता. तिथल्या डोंगराळ रस्त्यांवरचे गाडीवान लाकडी ठोकळ्याला जुन्या बुटाचे कातडे ठोकत, हे त्याने पाहिले. नुसत्या लाकडापेक्षा कातडे जास्त पकड घेते. त्यावरून त्याने १८९७ च्या सुमारास ब्रेकसाठी खास अस्तर बनवायला घेतले. आपल्या आडनावाची अक्षरे उलटसुलट करून आणि त्यात एक अक्षर घालून त्याने मालाचे नाव ठेवले 'फेरोडो'. हे नाव आजही सुट्या भागांच्या दुकानात दिसते.

फ्रूडचे पहिले अस्तर सुती धाग्यांचे होते. घोडागाडीला ते पुरे, पण मोटारीच्या उष्णतेने ते करपू लागले. म्हणून विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात ॲस्बेस्टॉस आले. हे खनिज तंतुमय असते, विणता येते आणि जळत नाही. पुढची सत्तर-ऐंशी वर्षे जगातल्या बहुतेक ब्रेकमध्ये तेच होते. या काळात मोटारी थांबल्या, पण ती धूळ श्वासावाटे घेणाऱ्या कामगारांच्या फुप्फुसांनी त्याची किंमत मोजली. १९९५ मध्ये आपल्या सर्वोच्च न्यायालयाने ॲस्बेस्टॉस उद्योगातील कामगारांच्या आरोग्याचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग असल्याचे सांगितले. झिजायचे अस्तराने हे ठरले होते. पण झिजलेले अस्तर जाते कुठे, हे विचारायला फार उशीर झाला.

डिस्कने पन्नास वर्षे वाट पाहिली

१९०२ हे साल ब्रेकच्या इतिहासात मोठे गमतीचे आहे. त्या वर्षी फ्रान्समध्ये लुई रेनॉने ड्रम ब्रेक पुढे आणला आणि त्याच वर्षी इंग्लंडमध्ये फ्रेडरिक लँचेस्टरने डिस्क ब्रेकचे पेटंट घेतले. ड्रम लगेच जगभर गेला. डिस्कला मात्र जवळजवळ पन्नास वर्षे थांबावे लागले. कल्पना चांगली असूनही असे का झाले असावे?

एक कारण अस्तराचे. लँचेस्टरने डिस्क धरायला तांबे वापरले. धातूवर धातू घासून होणारा किंचाळता आवाज कोणाला सहन होणार? झिजही भरपूर होती.

दुसरे कारण ताकदीचे. ड्रमच्या आतला शू फिरणाऱ्या ड्रमबरोबर ओढला जातो आणि आपोआप अधिक घट्ट बसतो. थोड्या जोरात काम भागते. डिस्कला असा फुकटचा आधार नाही. तिला दोन्ही बाजूंनी नुसते दाबून धरायचे असते, म्हणून जोर फार लागतो. तो जोर पायापासून चाकापर्यंत पोचवायला दांड्या आणि तारा अपुऱ्या होत्या.

याचे उत्तर पास्कलच्या नियमात होते. त्याचा द्रवाच्या संतुलनावरचा प्रबंध १६६३ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाला. मोटारीत तो नियम उतरायला अडीचशे वर्षे लागली. अमेरिकेत माल्कम लॉकहीडने द्रवदाबाचा ब्रेक तयार केला आणि १९२१ मध्ये ड्यूसेनबर्ग मोटारीच्या चारही चाकांना तो बसला. द्रव म्हणून त्या काळात एरंडेल आणि अल्कोहोल यांचे मिश्रण बरेच वापरले जाई. दोन सिरिंज आणि नळी जोडून आपण वर्गात दाखवतो, तेच हे यंत्र. लहान सिरिंज म्हणजे पायाखालचा मास्टर सिलिंडर आणि मोठी सिरिंज म्हणजे चाकाजवळचा पिस्टन.

उष्णतेचा प्रश्न उरला होता. ड्रम तापला की प्रसरण पावतो आणि शूपासून दूर जातो. शिवाय उष्णता आतच कोंडते. लांब घाटात ब्रेक हळूहळू लागेनासा होतो, तो यामुळे. डिस्क उघड्यावर फिरते, तिला वारा लागतो. ती तापून जाड झाली तर पॅडच्या अधिक जवळ येते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात विमानांना डिस्क ब्रेक लागले. १९५३ मध्ये फ्रान्समधल्या ले माँच्या चोवीस तासांच्या शर्यतीत डनलॉपचे डिस्क ब्रेक लावलेली जॅग्वार पहिली आली. तिचा सरासरी वेग ताशी १७० किलोमीटर होता. वेगवान गाडीला जिंकायला चांगला ब्रेक लागतो, हे त्या दिवशी सगळ्यांना पटले. १९५५ मध्ये सित्रोएनच्या डी.एस. या घरगुती गाडीच्या पुढच्या चाकांना डिस्क आल्या.

डिस्कला चिमट्यासारखा धरणारा भाग म्हणजे कॅलिपर. हा शब्द आपल्या प्रयोगशाळेतल्या व्हर्निअर कॅलिपरमध्येही आहे. दोघांचेही काम दोन जबड्यांत वस्तू पकडण्याचे. एक मोजतो, दुसरा थांबवतो.

आपल्याकडे

वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून फियाट बाहेर पडे. सत्तरच्या दशकात तिला पद्मिनी हे नाव मिळाले. तिच्या चारही चाकांना ड्रम होते. आपल्याकडची गॅरेजची भाषा त्या काळात घडली. म्हणून डिस्कचे पॅड बदलले तरी अण्णा 'लायनर बदलले' असेच म्हणतो. पद्मिनीची शेवटची टॅक्सी ऑक्टोबर २०२३ च्या अखेरीस मुंबईतून निवृत्त झाली. शब्द मात्र राहिला आहे.

फियाटचीच दुसरी एक गोष्ट इथे सांगण्यासारखी आहे. १९६६ मध्ये इटलीत आलेल्या फियाट १२४ ला चारही चाकांना डिस्क होत्या. हिच्याच कुळातली ११८ एन.ई. १९८५ पासून आपल्याकडे दिसू लागली. पण त्याआधी १९७० मध्ये तीच १२४ सोव्हिएत रशियात बनू लागली, तेव्हा तिथल्या अभियंत्यांनी मागच्या डिस्क काढून ड्रम बसवले. कारण काय? रशियातले चिखलाचे, खराब रस्ते. ड्रमच्या आत धूळ-चिखल कमी जातो. जुन्या पद्धतीकडे परत जाणे म्हणजे मागासलेपण, असे आपण पटकन म्हणतो. तिथल्या रस्त्याला जे योग्य ते त्यांनी निवडले होते.

पुण्यात १९९५ पासून मर्सिडीज बनू लागली आणि २००१ च्या अखेरीस औरंगाबादेत (आताचे छत्रपती संभाजीनगर) स्कोडाची ऑक्टेव्हिया. मागेही डिस्क असलेल्या गाड्या अशा आपल्या जिल्ह्यांतूनच रस्त्यावर येऊ लागल्या. पुढे अवसरीहून पुण्याला जाताना लागणारे चाकण तर मोटारींचेच गाव झाले. पुण्याच्या टेकडीवर १९६६ पासून 'एआरएआय' ही संस्था वाहनांच्या चाचण्या घेते. खुद्द अवसरी खुर्दमध्ये २००९ मध्ये शासकीय अभियांत्रिकी व संशोधन महाविद्यालय सुरू झाले आणि तिथे मोटार अभियांत्रिकीही शिकवतात. त्या महागड्या गाड्या जुन्या होऊन आता अण्णासारख्यांच्या अंगणात आल्या आहेत. बरोबर मागची डिस्कही आली आहे आणि तिच्यामागचा रशियन चिखलाचा प्रश्नही.

मागचा ब्रेक वेगळा का?

ब्रेक दाबला की आपण सीटवरून पुढे झुकतो. गाडीही झुकते. १२०० किलोच्या गाडीचे उभ्या स्थितीत पुढे ७२० आणि मागे ४८० किलो वजन आहे असे धरू. दोन्ही चाकांतले अंतर अडीच मीटर आणि गुरुत्वमध्याची उंची ५५ सेंटिमीटर. जोरात ब्रेक मारला तर सुमारे २१० किलो भार मागून पुढे जातो. पुढे ९३० आणि मागे २७०! म्हणून पुढचे ब्रेक तीन-चतुर्थांशाहून अधिक काम करतात आणि मागचे पिस्टन व पॅड मुद्दाम लहान ठेवतात.

काम कमी असेल तर मागचा ब्रेक जास्त टिकायला हवा. पण बिघडतो तोच. कारण काम कमी म्हणजे उष्णता कमी, आणि उष्णता कमी म्हणजे पावसाळ्यात आत शिरलेला ओलावा वाळत नाही. पुढच्या चाकांनी उडवलेला चिखलही मागेच बसतो. कॅलिपर ज्या दोन पिनांवर सरकतो, त्या गाईड पिना गंजतात. हँडब्रेकची केबल जाम होते.

शिवाय मागच्या ब्रेकवर दुहेरी जबाबदारी आहे. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ प्रमाणे पायाच्या ब्रेकखेरीज उभ्या गाडीसाठी दुसरा स्वतंत्र ब्रेक लागतो. अनेक गाड्यांत हे हँडब्रेकचे काम मागच्या कॅलिपरमध्येच बसवलेले असते. पिस्टनच्या आत एक स्क्रू असतो. केबल ओढली की तो पिस्टनला पुढे ढकलतो आणि पॅड झिजेल तसा आपोआप थोडा थोडा पुढे सरकतो.

हा स्क्रू मला अनुभवाने कळला. बऱ्याच वर्षांपूर्वी माझ्या गाडीचे मागचे पॅड मी स्वतः बदलायला घेतले. नवे जाड पॅड बसायला पिस्टन आत ढकलावा लागतो. पुढचा पिस्टन सी-क्लॅम्पने दाबल्यावर सरळ आत गेला होता. मागचा जाईना. मी आणखी जोर लावला. आतून कट् असा आवाज आला आणि पिस्टन गेला. मला वाटले, जमले! दुसऱ्या दिवशी उतारावर हँडब्रेक ओढून उतरले, तर गाडी हळूहळू सरकायला लागली आणि सोसायटीच्या भिंतीला टेकून थांबली. मध्ये कोणी नव्हते म्हणून बरे. मागचा पिस्टन दाबायचा नसतो, खास हत्याराने फिरवत आत न्यायचा असतो. मी आतला स्क्रूच मोडला होता. शंभर रुपयांचे हत्यार न आणल्यामुळे अख्खा कॅलिपर घ्यावा लागला. पदार्थविज्ञानातली डॉक्टरेट त्या दिवशी काही कामाला आली नाही. (विजेवर चालणारा हँडब्रेक असेल तर हे कामही करू नये, आधी मोटर मागे घ्यावी लागते.)

काय घ्यायचे, काय बदलायचे?

अण्णाचे चाक खोलले तेव्हा आतला पॅड पत्र्यापर्यंत झिजला होता आणि बाहेरचा अर्धा शिल्लक होता. ही खूण महत्त्वाची आहे. पिस्टन आतल्या पॅडला ढकलतो आणि कॅलिपर सरकून बाहेरच्या पॅडला ओढतो. पिना गंजल्या की कॅलिपर सरकत नाही, मग सारे काम आतल्या पॅडवर. अशा वेळी नुसते पॅड बदलले तर नवा पॅडही तसाच झिजणार. म्हणून झिजलेला भाग आधी नीट पाहावा. तो दोष कुठे आहे ते सांगतो.

दुसरा भाग दिसायला अगदी क्षुल्लक आहे: पिस्टनभोवतीची रबरी चकती, म्हणजे सील. तिचा छेद चौकोनी असतो. ब्रेक दाबला की पिस्टन पुढे जातो आणि सील त्याच्याबरोबर किंचित वाकते. पाय काढला की ती सरळ होते आणि पिस्टनला केसभर मागे ओढते. डिस्क ब्रेकला परत आणणारी वेगळी स्प्रिंग नसते. ही सीलच ती स्प्रिंग. खोडरबर बोटांत धरून जरासे वाकवून सोडा, म्हणजे हे कळेल. सील जुनी होऊन कडक झाली की ओढ संपते आणि चाक तापते. पिस्टन गंजला नसेल तर सील आणि धुळीचे रबर यांचे किट बदलून भागते. पिस्टनवर गंजाचे खड्डे पडले असतील तर किट घालणे व्यर्थ. पिस्टन किंवा पूर्ण कॅलिपरच बदलावा. ही रबरे पेट्रोल, डिझेल आणि साध्या ग्रीसने फुगतात. म्हणून पिनांना खास ब्रेकचेच ग्रीस लावायचे.

आता पॅड. दुकानदार म्हणतो, "हा घ्या, जास्त पकड देतो." मागच्या चाकाला जास्त पकड हवी का? मघाशी आपण पाहिले, की जोरात ब्रेक मारल्यावर मागे भार थोडाच राहतो. तिथे पकड जास्त झाली तर मागची चाके पुढच्यांच्या आधी जाम होतील आणि गाडीची शेपटी पुढे येऊन ती गोल फिरेल. मागे हवी ती योग्य पकड, जास्त नव्हे. अनेक पॅडच्या कडेला दोन इंग्रजी अक्षरे छापलेली असतात. पहिले थंड अवस्थेतली आणि दुसरे तापल्यावरची पकड सांगते. 'ई' म्हणजे घर्षणांक ०.२५ ते ०.३५, 'एफ' म्हणजे ०.३५ ते ०.४५. मूळ पॅडवर जी अक्षरे होती तीच नव्यावर पाहावीत. जोडी डाव्या-उजव्या दोन्ही चाकांची एकदमच बदलावी, नाहीतर गाडी एका बाजूला ओढते. भाग क्रमांक जुन्या भागावरून उतरवून न्यावा. नुसते गाडीचे नाव सांगितले तर दुकानदार देईल तो भाग घ्यावा लागतो. एकाच गाडीला दोन प्रकारचे कॅलिपर असू शकतात.

ब्रेक ऑईलही विसरू नये. नाव ऑईल असले तरी हे खनिज तेल नव्हे. ते हवेतले बाष्प शोषते. 'डॉट ४' जातीचे ताजे ऑईल किमान २३० अंश सेल्सिअसला उकळते. पाणी शोषल्यावर ही मर्यादा १५५ च्या आसपास येते. घाटात ते उकळले तर नळीत वाफेचे बुडबुडे होतात. बुडबुडा दाबला जातो, द्रव दाबला जात नाही. मग पेडल खाली जाते आणि चाक फिरतच राहते. सिरिंजच्या प्रयोगात मुद्दाम थोडी हवा ठेवून पाहा, मुलांना लगेच कळते. म्हणून ऑईल दर दोन वर्षांनी बदलावे आणि कॅलिपर उघडल्यावर एअर नीट काढावी.

आणि धूळ. गॅरेजमध्ये ब्रेक खोलला की कॉम्प्रेसरची हवा मारायची सवय आहे. आजच्या बऱ्याच पॅडमध्ये ॲस्बेस्टॉस नसते, पण जुन्या किंवा बिननावाच्या मालात काय आहे ते बघून कळत नाही. ओल्या फडक्याने पुसायची. हे काम बहुधा गॅरेजमधले चौदा-पंधरा वर्षांचे पोर करत असते आणि ते आपल्याच कोणाच्या तरी वर्गातून गेलेले असते.

व्हर्निअर बाहेर निघाला

राहिली डिस्क. तिच्या कडेवर किमान जाडी कोरलेली असते. गंज पुसल्यावर अण्णाच्या डिस्कवर ८ मिलिमीटर हा आकडा वाचता आला. अण्णा शाळेत जाऊन व्हर्निअर घेऊन आला आणि मोजून विजयाने म्हणाला, "साडेनऊ! भरपूर आहे."

पण पॅड डिस्कच्या अगदी कडेपर्यंत पोचत नाही. तिथे न झिजलेली एक कड उभी राहते आणि व्हर्निअरचे जबडे त्या कडेवरच टेकतात. आम्ही एक रुपयाची दोन सारखी नाणी घेतली, डिस्कच्या दोन्ही बाजूंना झिजलेल्या भागावर ठेवली आणि सगळे मिळून मोजले. मग नाण्यांची जाडी वजा केली. उत्तर आले ७.७ मिलिमीटर.

अण्णाने दुसऱ्या ठिकाणी मोजले, तिसऱ्या ठिकाणी मोजले. शून्यदोषही तपासला. ७.७, ७.६, ७.७.

"म्हणजे लेथवर दिली तर आणखी पातळ," तो स्वतःशीच म्हणाला.

पातळ डिस्कमध्ये उष्णता साठवायला धातू कमी उरतो. ती लवकर तापते, वाकते, तडकू शकते. ब्रेकमध्ये पॅडने झिजायचे असते, कारण तो स्वस्त आणि सहज बदलता येणारा असतो. डिस्कही थोडी झिजते, पण तिच्या झिजेला मर्यादा आहे आणि ती मर्यादा तिच्यावरच लिहून ठेवलेली असते. पॅडचे पैसे वाचवले की झिज डिस्कवर जाते. डिस्कचे वाचवले की ती कोणावर जाईल, हे अण्णाला सांगावे लागले नाही. त्याने यादी केली: मागच्या दोन्ही डिस्क, पॅडचा संच, दोन्ही कॅलिपरचे किट, नव्या गाईड पिना, ब्रेक ऑईल. मंचरच्या मेकॅनिककडे काम दिले आणि स्वतः उभे राहून पिस्टन फिरवून आत नेताना पाहिला.

जुनी डिस्क त्याने भंगारात घातली नाही. घासून, धुऊन शाळेच्या प्रयोगशाळेत ठेवली आहे. जुने पॅड मात्र मुलांच्या हाती दिलेले नाहीत. नववीच्या वर्गाला आता पहिला प्रश्न हाच असतो: या डिस्कची जाडी मोजा आणि ती बदलायला हवी का ते सांगा. निम्मी मुले साडेनऊ लिहितात. मग अण्णा खिशातून दोन नाणी काढून टेबलावर ठेवतो आणि काहीच बोलत नाही.